उत्तरेची बाजू

"हरणाबाई कोंडीबा कोण हाय हितं?"

शाळेच्या स्वयंपाकखोलीच्या दारात पोलीस खात्यातली एक तरुण बाई उभी होती. आत गॅसवर खिचडीचं मोठं पातेलं रटरटत होतं आणि हरणाबाई उलथनं घेऊन त्याच्यावर वाकली होती. तिनं मान वर केली नाही. कोंडीबा हे तिच्या बापाचं नाव. लग्न होऊन या गावात आल्यापासून ती हरणाबाई नाथाजी. बापाच्या नावानं हाक मारणारं माणूस इथं कधी नव्हतंच. हाक आपल्यालाच आहे हे कळायला तिला जरा वेळ लागला, आणि कळलं तेव्हा, खोटं कशाला बोला, तिला बरंच वाटलं.

"मीच की. का वं बाई?"

"तुमच्या वडलांच्या रानात गांजाची झाडं सापडल्यात, मावशी. सातबाऱ्यावर तुमचं नाव हाय. चला."

बाहेर पोरं ताटल्या घेऊन रांगेला बसली होती. हेडमास्तर व्हरांड्यात आले आणि जीप बघून तसेच मागं सरकले. हरणाबाईनं उलथनं बरोबरच्या साळूबाईच्या हातात दिलं. "मीठ घालायचं ऱ्हायलंय बघ," एवढंच तिला सुचलं.

सातबाऱ्यावर तिचं नाव कसं लागलं यात काही नवल नव्हतं. बाप गेला तेव्हा तलाठ्यानं वारस लावले: मुलगा बिराप्पा आणि मुलगी हरणाबाई. असं नाव सगळ्याच बहिणींचं लागतं. मग वर्ष सरायच्या आत भाऊ तिला तालुक्याला नेतो, हक्कसोड करून घेतो, लुगडं-चोळी करतो, आणि बहीण किती गुणाची याची दोन्ही गावांत चर्चा होते. हरणाबाईनं तेवढं केलं नव्हतं. रान तरी कसलं? नुसता माळ. लहानपणी तिनं आणि तिच्या आईनं त्यातले दगड वेचून बांधावर रचले, तेव्हा कुठं त्यात बाजरी दिसायला लागली. बाप पावसाळा सरला की मेंढरं घेऊन कोकणाच्या वाटेला जायचा, आणि दुष्काळ पडला की माळही ओसाड पडायचा. पुढं कालव्याचं पाणी आलं, माळावर ऊस उभा राहिला आणि बिराप्पाला बहिणीची माया एकदम दाटून आली. दर भाऊबीजेला त्याची मोटरसायकल तिच्या दारात येऊन उभी राहायची.

"अक्का, तेवढं हक्कसोडीचं उरकू या की औंदा."

"उरकू की. दिवाळी तर हू दे."

असं तिनं किती दिवाळ्या ढकलल्या. बिराप्पाच्या बायकोला, धोंडुबाईला, वाटायचं की नणंदेचा डोळा उसावर आहे. पण हरणाबाईनं त्या रानातलं एक कांडंसुद्धा कधी मागितलं नव्हतं. तिनं तिच्या आळीतल्या बाया पाहिल्या होत्या. सह्या केल्या, की पुढच्या साली भाऊ येतो, त्याच्या पुढच्या साली फोन येतो, आणि मग काहीच येत नाही. नाथाजी गेलेला, पदरात एक मुलगी, पाठीशी दीर-जाऊ कुणी नाही. अशा बाईच्या दारात सणाला भावाची गाडी थांबते की नाही हे सगळी आळी बघत असते. सातबाऱ्यावरचं नाव हे तिनं माहेराला लावलेलं दावं होतं. ते सोडायला ती तयार नव्हती, बस.

जीप विट्याच्या पुढं तिच्या माहेरच्या वस्तीवर गेली आणि थेट रानातच थांबली. हरणाबाई बऱ्याच वर्षांनी रानात पाय ठेवत होती. माहेरी आली की घरात जेवायची, देवाला जायची आणि संध्याकाळची एसटी धरायची. रान दाखवायला तिला कुणी नेलं नव्हतं. ऊस डोक्याच्या वर गेला होता. विहिरीच्या उत्तरेला, उसाच्या पोटात, मधल्या सऱ्या मोकळ्या ठेवून त्यात झाडं लावली होती. पोलीस ती उपटून बांधावर आणून टाकत होते आणि ढीग वाढत चालला होता. वास तिला ओळखीचा होता. आबा, तिचा बाप, विहिरीच्या कडेला चार झाडं ठेवायचा. मेंढरू हगवणीनं बेजार झालं की गुळातून पाला चारायचा, आणि बिरोबाच्या जत्रेला म्हातारी माणसं चिलीम भरायची. झाडांना पाणी घालायचं काम हरणाबाईचंच होतं. तेव्हा कुणी विचारलं नाही आणि कुणी लपवलंही नाही.

झाडं तोलायला काटेवाला यायचा होता म्हणून पोलिसांचे साहेब जीपमध्ये जाऊन बसले. तेवढ्यात बिराप्पानं बहिणीला विहिरीच्या आडोशाला घेतलं. त्याचा मुलगा विश्वजित थोडा लांब उभा होता, पायांत पळायचे बूट, अंगात भरतीच्या तयारीचे कपडे.

"अक्का, वाचीव," बिराप्पा म्हणाला.

"कुणी लावली, बिरा?"

बिराप्पानं पोराकडं बघितलं. विश्वजितनं मान खाली घातली.

"आबाबी लावायचंच की," बिराप्पा चाचरत म्हणाला. "मेंढराला."

"आबा चार लावायचा. हे काय मेंढराला हाय व्हय रं? मेंढरं तर तू कवाच इकलीस."

"चुकलं पोराचं. पुण्याची कोण पोरं भेटली, नादाला लावलं. पर अक्का, पोलीस भरतीचं सगळं पार पडलंय त्याचं. आता यादी लागायची हाय. ह्या केशीत नाव आलं का सपलं. जल्माचं सपलं."

"मग मी काय करू?"

"तू म्हण, माझी हायत. बाईमाणसाला जामीन लगीच मिळतो, वकिलाला इचारलंय म्या. दोन दिसात घरी येशील. तुला काय नोकरी-भरती हाय व्हय?"

शाळेतली खिचडी ही काही बिराप्पाच्या हिशेबी नोकरी नव्हती.

"आनि न्हाई मिळाला तर?"

"म्या हाय की!" बिराप्पाच्या डोळ्यांत पाणी आलं, आणि ते खोटं नव्हतं. "तुझ्यामागं माझ्याशिवाय कोण हाय, अक्का? आनि रान निम्मं तुझंच हाय. म्या कवा न्हाई म्हणलंय?"

नाही म्हणाला नव्हता हे खरंच. हो म्हटलेलंही तिनं आजच ऐकलं. बिराप्पा पाठचा. आई दगड वेचायची तेव्हा हा हरणाबाईच्या कमरेवर असायचा, आणि उतरवला की भोकाड पसरायचा. आताही त्याचा चेहरा तसाच झाला होता. तिचं काळीज गलबललं आणि अक्कल तिथंच राहिली.

काटेवाला आला. गावातले दोन पंच आले. झाडं मुळांसकट, मुळांना चिकटलेल्या ओल्या मातीसकट काट्यावर चढली. वजन बरंच भरलं. साहेबांनी लिहिणाऱ्याला जवळ बसवलं.

"सातबारा सामाईक आहे. कसतं कोण?"

बिराप्पा पुढं झाला. बहिणीकडं न बघता त्यानं धडाधडा सांगितलं, "साहेब, हिरीच्या उत्तरंची बाजू बहिणीची हाय. दक्षिणंची माझी. आबा गेल्यापास्नं वाटणी हाय आमची. तिची बाजू तीच बघती, गडी लावून करती. माझा काय संबंध न्हाई."

"हद्द कुठली?"

"ही हीर. तिथनं त्या बांधावरच्या लिंबापतुर. लिंबाच्या पल्याड समदं तिचं."

लिहिणाऱ्यानं ते सगळं उतरवून घेतलं. बिराप्पानं खाली सही केली. पंचांनी केली. पंचांपैकी एकानं हरणाबाईकडं एकदा बघितलं आणि पेन खिशाला लावलं. बापाच्या रानाची वाटणी अशी झाली. भावकी बसली नाही, मोजणीवाला आला नाही. पोलिसांनीच ती करून दिली, आणि तीही कालव्याच्या कडेची चांगली बाजू बहिणीला.

"खरं का, बाई?"

"व्हय."

"झाडं कुणी लावली?"

"मी."

"कशाला?"

"मेंढराला लागतंय."

"किती मेंढरं आहेत तुमच्याकडं?"

हरणाबाईकडं शेळीसुद्धा नव्हती. एक पोलीस तोंड फिरवून हसला. साहेबांनी एकदा विश्वजितच्या बुटांकडं बघितलं. ते काही दुधखुळे नव्हते. पण सातबाऱ्यावरचं नाव, कबुली आणि झाडं, तिन्ही जागच्या जागी मिळालं होतं. आणखी शोधायला दिवस मावळला असता.

"मालक, जरा ढिगाजवळ उभं ऱ्हावा. फोटू घ्यायचाय," हसणारा पोलीस तिला म्हणाला.

मालक! हरणाबाईनं डोक्यावरून पदर नीट घेतला आणि ढिगाजवळ उभी राहिली.

ठाण्यात तिला बाकावर बसवलं. समोरचा हवालदार तिच्या गुन्ह्याचं लिहीत होता आणि मधूनच हाताच्या तळव्यावर तंबाखू मळत होता. टेबलावर पुडी पडली होती. पुडीवर सडलेल्या तोंडाचं चित्र होतं. नाथाजीचं तोंड शेवटी शेवटी तसंच झालं होतं, हरणाबाईनं ते रोज पुसलं होतं. हवालदार शेजाऱ्याला म्हणाला, "परत वाढला की गड्या पुडीचा भाव. समदा कर सरकारच खातंय." त्याचं खरं होतं. नाथाजी ज्या पुडीनं गेला तिच्यावर रीतसर कर भरलेला होता, म्हणून त्याच्या मरणाचा गुन्हा कुणावर लागला नाही. उलट त्यानं आयुष्यभर चघळून सरकारची तिजोरी भरली होती. हरणाबाई स्वतः रोज सकाळी मिश्री लावायची. त्या सकाळी लावायची राहिली होती आणि तिचं डोकं ठणकत होतं. तिनं हवालदाराकडं चिमूटभर तंबाखू मागितली. त्यानं दिली. बिचाऱ्याचा जीव चांगला होता.

दोन दिवसांत जामीन काही झाला नाही. ओल्या मातीसकट भरलेलं वजन असं होतं की कायद्यात त्याला सहज जामीनच नव्हता. बाई असो की बाप्या. बिराप्पानं कुठल्या वकिलाला विचारलं होतं, का विचारलंच नव्हतं, देव जाणे. सांगलीला तुरुंगात हरणाबाईनं दसरा काढला, दिवाळी काढली. मुलगी प्रांजल विट्यात मेडिकलच्या दुकानात काम करायची. सुटी मिळेल तेव्हा ती भेटायला यायची आणि जाळीपलीकडून बोलायची. शाळेनं खिचडीला दुसरी बाई घेतली. प्रांजलचं एक ठिकाण जमत आलं होतं. पोराकडच्यांनी निरोप पाठवला, की पोरगी चांगली हाय, पर आई गांजात आत हाय, कसं करायचं?

"मामा?" हरणाबाई दर वेळी विचारायची.

"फोन केलता. म्हणलं, पोराची पडताळणी चाललीया, जेलाच्या दारात मी दिसलो तर वावगं दिसंल. तू समजून घे म्हणलं."

हरणाबाईनं समजून घेतलं. भाऊबीजेला मात्र तिला वाटलं होतं, की येईल. कुणाला कळणार होतं? टोपी घालून, तोंडाला रुमाल बांधून, उभ्या उभ्या येऊन गेला असता. सगळा दिवस ती भेटीच्या हाकेकडं कान लावून बसली. त्या दिवशी बराकीतल्या कितीतरी जणींना हाक आली.

पुढं प्रांजलनं लावून दिलेला वकील कागदांची चळत घेऊन आला. "भावाच्या जबाबानं घोटाळा केलाय, मावशी," तो म्हणाला आणि त्यानं वाचून दाखवलं. विहिरीच्या उत्तरेची बाजू बहिणीची. लिंबापलीकडं सगळं तिचं. तीच कसते.

"परत वाचा," हरणाबाई म्हणाली.

त्यानं परत वाचलं.

"त्यानं आता येऊन न्हाई म्हणलं तर?"

"तर मग रान त्याचं, आणि झाडंही त्याची. तो आत आणि तुम्ही बाहेर. असं कोण येऊन म्हणतंय?"

तिनं आशेनंच विचारलं होतं. भाऊ येईल, साहेबापुढं उभा राहील आणि म्हणेल, की माझी अक्का ह्यात न्हाई. हा विचार तिनं बरेच दिवस मनात धरून ठेवला. मग एक दिवस सोडून दिला. नेमका कधी सोडला ते तिलाही सांगता आलं नसतं.

कोल्हापूरला वरच्या कोर्टात जामीन झाला तेव्हा थंडी पडली होती. खटला अजून उभाच राहायचा होता, तारखांना सांगलीला जावं लागणार होतं. ती घरी आली. सुटल्याचा निरोप प्रांजलनं मामाला त्याच दिवशी दिला होता. हरणाबाईनं दारासमोर सडा घातला, चहाची साखर जास्तीची आणून ठेवली. मोटरसायकल आली नाही. आळीतली माणसं तिच्या दारावरून जाताना चाल वाढवायची.

आठवडा उलटला असेल. प्रांजल कामावरून आली आणि चप्पल काढता काढता म्हणाली, "आई, मामाकडं ऊसतोड चाललीया. उत्तरंच्या बाजूलाबी उद्या टोळी घालणार हाय म्हणं."

हरणाबाईनं रात्रीच भाकरी बांधून ठेवली. सकाळच्या एसटीनं ती वस्तीवर उतरली आणि घराकडं न वळता रानात गेली. टोळीनं लिंबाच्या पलीकडं कोयते लावले होते. ती सरळ सरीत जाऊन उभी राहिली.

"थांबा. ह्यो ऊस माझा हाय."

मुकादम गोंधळला. बिराप्पा पळत आला, त्याच्यामागं धोंडुबाई, तिच्यामागं विश्वजित. कितीतरी महिन्यांनी भाऊ-बहीण समोरासमोर आली. आणि भावानं पहिलं काय विचारावं?

"अक्का, हे काय मांडलंयस?"

"माझी बाजू हाय. माझ्या नावानं ऊस कारखान्याला जाऊ दे."

"डोस्कं फिरलं व्हय तुझं? ते पोलिसाला सांगायपुरतं हुतं!"

"मग जा की ठाण्यात. सांग, रान बहिणीचं न्हाई, माझं हाय. मी कसतो. लगीच लिवून घेत्याल."

बिराप्पानं विश्वजितकडं पाहिलं, मुकादमाकडं पाहिलं. रान आपलं म्हणावं तर झाडं आपली होत होती आणि झाडं आपली नाहीत म्हणावं तर रान हातचं जात होतं. सही त्याचीच होती.

"वन्सं," धोंडुबाई कळवळून म्हणाली, "रानापायी पाठचा भाऊ तोडता व्हय? लोक काय म्हणत्याल?"

"रान मला नगं हुतं गं, धोंडू," हरणाबाई म्हणाली. "इतकी वर्सं मागितलं का कवा? तुमच्यातलं कुणीतरी यायला पायजे हुतं. नुसतं येऊन जाळीपल्याड हुबं ऱ्हायचं हुतं. भाऊबीजेला मी दिसभर दाराकडं बघत बसले. समद्यांचं आलं, माझं न्हाई आलं. दोन दिस म्हणून गेले बिरा, मी. दोन दिस म्हणून!"

विश्वजित पायातल्या बुटानं ढेकूळ फोडत राहिला. मुकादमानं शेवटी विचारलं, "मालक कोन ते ठरवा की लवकर. माणसं खोळंबल्यात."

बिराप्पानं बहिणीकडं एकदा बघितलं. त्या बघण्यात आता अक्का नव्हती, सातबाऱ्यावरचं एक नाव होतं. त्यानं हातानं टोळीला दक्षिणेकडं वळायची खूण केली आणि तो घराकडं चालू लागला.

उत्तरेचा ऊस तिच्या नावानं गेला. त्यानंतर तोडलेल्या उसाच्या बुडख्यांना खोडवा फुटला आणि हरणाबाई रोज सकाळच्या एसटीनं येऊन राबू लागली. शाळेत तिला आता कुणी घेणार नव्हतं, तेव्हा रानातच दिवस जायचा. बिराप्पा विहिरीवर यायचा तेव्हा ती बांधाच्या या टोकाला असायची, आणि ती विहिरीवर गेली की तो निघून जायचा. पाण्याच्या पाळ्या दोघांत कुणी न ठरवताच ठरून गेल्या. धोंडुबाईनं घराचं त्या बाजूचं दार बंद ठेवायला सुरुवात केली.

उन्हाळ्याच्या तोंडाला यादी लागली. विश्वजितचं नाव होतं. पोलीस झाला! वस्तीवर पेढे वाटल्याचं हरणाबाईला शेजारच्या रानातल्या बाईनं सांगितलं, आणि कोणत्या दिवशी पोरगा ट्रेनिंगला निघणार तेही. निघणारं पोर सगळ्या थोरांच्या पाया पडून जातं. आजी, चुलत्या, देवाचा पुजारी, कुणाचंही घर चुकत नाही.

त्या दिवशी पाण्याची पाळी तिची होती. रस्त्यावर मोटरसायकलचा आवाज आला तेव्हा तिनं रानात पाणी नेणाऱ्या दंडात हातपाय धुतले, डोक्यावर पदर घेतला आणि ती कडेला येऊन उभी राहिली. बिराप्पा गाडी चालवत होता. मागं विश्वजित, मांडीवर नवी पेटी, कपाळाला गुलाल. रानाजवळ आल्यावर पोरानं तिला पाहिलं. त्यानं बापाच्या खांद्यावर हात ठेवला, गाडी हळू झाली, आणि त्याचा एक पाय खाली टेकायला आला. बिराप्पा मान न वळवता काहीतरी बोलला. पाय वर गेला. गाडी तिच्यासमोरून पुढं निघाली.

"सुखी ऱ्हा, बाबा," हरणाबाई म्हणाली.

धूळ बसेपर्यंत ती तिथं उभी होती. तोवर दंड भरून पाणी भलत्याच सरीत शिरलं होतं. तिनं पदर कमरेला खोचला, खोरं घेतलं आणि ते वळवायला गेली.